३८,३८७ गुणांचं करायचं काय?

लेब्रॉन जेम्सने करीम अब्दुल-जब्बारचा विक्रम मोडला तेव्हा लॉस एंजेलिसमध्ये ७ फेब्रुवारी २०२३ची रात्र होती आणि आपल्याकडे ८ फेब्रुवारीची सकाळ. भारतातून एनबीए पाहणाऱ्यांना हे उलटं घड्याळ सवयीचं आहे. चहा घेता घेता, बसमध्ये, लेक्चरला मागच्या बाकावर, असंच आपण हा खेळ पाहतो. त्या दिवशी दुपारपर्यंत प्रत्येक फीडवर एकच आकडा होता : ३८,३८७. करीमच्या कारकिर्दीतले एकूण गुण. जवळपास ३९ वर्षं पहिल्या क्रमांकावर राहिलेला हा आकडा आता दुसरा झाला होता.

मग नेहमीचं भांडण सुरू झालं. सगळ्यांत महान कोण? लेब्रॉनवाल्यांनी नवा आकडा नाचवला. जॉर्डनवाल्यांनी सरासरी काढून दाखवली. कुणीतरी विल्ट चेंबरलेनच्या एका सामन्यातल्या १०० गुणांची आठवण करून दिली. या सगळ्यात करीमचा आकडा म्हणजे नुसती एक पायरी होती. लेब्रॉन ती चढला, विषय संपला.

मला हे भांडण लढायचं नाही. माझी तक्रार वाचनाबद्दल आहे. कादंबरीचं शेवटचं पान वाचून कुणी तिच्यावर मत दिलं तर आपण त्याला हसू. खेळाडूच्या कारकिर्दीचा तक्ता मात्र आपण नेमका तसाच वाचतो. तळाची बेरीज बघतो आणि निकाल देतो. करीमच्या तक्त्यात २० ओळी आहेत, १९६९-७० ते १९८८-८९ या प्रत्येक हंगामाची एक. त्या वरून खाली वाचल्या तर ३८,३८७ हा आकडा वेगळंच काही सांगतो, असं मला वाटतं. तो महानतेचं प्रमाणपत्र म्हणून वाचावा असा नाहीच.

बेरीज आणि शिखर

आधी एक साधी गोष्ट. सर्वाधिक गुणांच्या यादीत आज पहिले तिघे म्हणजे लेब्रॉन, करीम आणि कार्ल मलोन. आता विचारा, एखाद्या हंगामात सामन्यामागे सर्वाधिक सरासरीने गुण करणारा म्हणून पहिला नंबर या तिघांनी किती वेळा मिळवला? लेब्रॉनने एकदा. करीमने दोनदा. मलोनने एकदाही नाही. तिघांचे मिळून तीन. मायकल जॉर्डनकडे एकट्याकडे असे १० हंगाम आहेत, चेंबरलेनकडे सात.

म्हणजे ‘सर्वाधिक गुण करणारे’ हे बहुतेक वर्षी सर्वाधिक गुण करणारे नव्हतेच. दर वर्षी कुणीतरी त्यांच्यापेक्षा जोरात पळत होतं. ते पळणारे थांबले, जखमी झाले, कंटाळले. हे तिघे परत आले. एकूण गुणांची यादी मुळात परत येण्याची यादी आहे.

सरासरी हा इलाज आहे असंही नाही. क्रिकेटमुळे आपल्याला सरासरीवर फार भरवसा वाटतो, पण तिथलं गणित निराळं आहे. फलंदाजाची सरासरी काढताना धावांना तो किती वेळा बाद झाला त्या संख्येने भागतात, नाबाद राहिलं तर भागाकारात काही पडत नाही. बास्केटबॉलमध्ये भागायचं ते खेळलेल्या सामन्यांनी. ४५ मिनिटं खेळा नाहीतर १५, सामना एकच धरला जातो. त्यामुळे जो खेळाडू म्हातारपणी थोडी मिनिटं खेळायला कबूल होतो, त्याची सरासरी दर रात्री थोडी थोडी झिजत जाते. जॉर्डनची सरासरी ३०.१२, चेंबरलेनची ३०.०७, करीमची २४.६. या फरकात कौशल्य आहे, तसंच करीम १,५६० सामने खेळला आणि जॉर्डन १,०७२ हेही आहे.

पहिल्या दोन ओळी दुसऱ्याच माणसाच्या

करीमच्या तक्त्याची पहिली ओळ : १९६९-७०, मिलवॉकी बक्स, ८२ सामने, २,३६१ गुण, सरासरी २८.८. दुसरी : ८२ सामने, २,५९६ गुण, सरासरी ३१.७. मिलवॉकीचा संघ तेव्हा नुकताच जन्मलेला. आदल्या वर्षी, म्हणजे आपल्या पहिल्याच हंगामात, त्यांनी ८२पैकी २७ सामने जिंकले होते. हा सात फूट दोन इंचांचा पोरगा आल्यावर ते ५६ झाले. पुढच्या वर्षी ऑस्कर रॉबर्टसनही संघात आला आणि मिलवॉकी विजेता ठरला.

पण या दोन ओळींत करीम अब्दुल-जब्बार नावाचा कुणीच खेळत नव्हता. जर्सीवर, वर्तमानपत्रात, निवेदकाच्या तोंडी नाव होतं ल्यू अल्सिंडर. न्यूयॉर्कमध्ये वाढलेल्या त्या मुलाने कॉलेजात असताना इस्लाम स्वीकारला होता. १९६८च्या ऑलिंपिक संघासाठी जायला त्याने नकार दिला, कारण काळ्या माणसांना जो देश अशी वागणूक देतो त्याच्यासाठी खेळणं त्याला पटत नव्हतं. १९७१मध्ये विजेतेपद मिळाल्यानंतर त्याने नवं नाव जाहीर केलं. तिसऱ्या ओळीपासून करीम खेळतो. त्या हंगामात ८१ सामने, २,८२२ गुण, सरासरी ३४.८. त्याच्या आयुष्यातली ही सर्वोच्च सरासरी.

तक्ता हे सगळं गिळून टाकतो. वरपासून खालपर्यंत एकच नाव. एका अर्थी हे योग्यच आहे. माणसाने निवडलेलं नाव त्याच्या सगळ्या आयुष्याला लागावं. पण वाचणाऱ्याला हे ठाऊक असायला हवं की ३८,३८७पैकी ४,९५७ गुण अल्सिंडर म्हणून केलेले आहेत, आणि दुसऱ्या व तिसऱ्या ओळीमधल्या बारीक रेघेत एक मोठा निर्णय आहे. नाव बदललं म्हणून तेव्हाच्या अमेरिकेत त्याला कौतुक मिळालं नाही. अनेकांनी तोंड फिरवलं. खेळ मात्र त्याच वर्षी सर्वांत उंचीवर गेला. नावामुळे खेळ वाढला असं काही मी म्हणणार नाही. दोन गोष्टी एकाच ओळीत आहेत, एवढंच दाखवते.

याच ओळींच्या उजवीकडे काही रिकामी घरं आहेत. प्रतिस्पर्ध्याचा फटका अडवणं, म्हणजे ब्लॉक, आणि चेंडू हिसकावणं, म्हणजे स्टील, यांची अधिकृत नोंद एनबीएने १९७३-७४पासून ठेवायला सुरुवात केली. त्यामुळे करीमच्या पहिल्या चार हंगामांत त्याने किती फटके अडवले ते तक्त्याला माहीत नाही. पायांत सर्वाधिक चपळाई होती तीच ही चार वर्षं. तक्ता काय मोजायचं हे आधी ठरवतो आणि मगच खेळ बघतो. गुण पहिल्या दिवसापासून मोजले गेले, म्हणून आपण गुणांवर भांडतो.

एकच फटका

३८,३८७ची फोड अशी : १५,८३६ दोन गुणांचे बास्केट, ६,७१२ फ्री थ्रो आणि तीन गुणांचा एकच बास्केट. २० वर्षांत एक. थ्री-पॉइंटरचा नियम एनबीएत १९७९-८०मध्ये आला, तोवर करीमचे १० हंगाम झाले होते. पुढच्या १० हंगामांत त्याने लांबून १८ वेळा प्रयत्न केला, एकदा चेंडू आत गेला.

बाकीचे गुण कुठून आले? त्यातला मोठा वाटा एका फटक्याचा : स्कायहुक. यूट्यूबवर बघा. करीम बास्केटकडे पाठ करून चेंडू घेतो. एक पाऊल टाकतो आणि अंग आडवं करतो. डावा खांदा आणि डावा हात आता बचाव करणाऱ्याच्या आणि चेंडूच्या मध्ये आहे. उजवा हात पूर्ण सरळ वर जातो आणि अगदी टोकाला, मनगटाच्या हलक्या झटक्याने, चेंडू सुटतो. अडवणाऱ्याला चेंडूपर्यंत पोहोचायला करीमची उंची तर पार करावी लागतेच, वर त्याच्या खांद्यांची अख्खी रुंदीही. ते जमत नाही. सगळ्यांना माहीत असतं की हाच फटका येणार आहे, आणि तो येतो.

या फटक्याचा सराव त्याने लहानपणी सुरू केला होता. पण तो त्याचं मुख्य हत्यार बनण्यात एका बंदीचाही हात आहे. १९६७मध्ये अमेरिकेच्या कॉलेज बास्केटबॉलने डंक मारण्यावर बंदी घातली. अल्सिंडरचा यूसीएलएचा संघ तेव्हा कुणालाच आवरत नव्हता. नियम त्याच्यासाठीच केला असं सगळे समजत, लोक त्याला ल्यू अल्सिंडर नियमच म्हणत. ही बंदी १९७६पर्यंत टिकली. ज्याला चेंडू वरून आत कोंबता येत होता त्याला तो हाताने हळूच सोडायला भाग पाडलं गेलं. त्याने ते इतकं घोटलं की पुढची २० वर्षं त्यावर कुणाकडे उत्तर नव्हतं.

इथे समीक्षेचा खरा प्रश्न येतो. स्कायहुक सुंदर आहे का?

बऱ्याच जणांना तो कंटाळवाणा वाटतो. मला ते समजतं. रील ३० सेकंदांची असते. तिला उडी हवी, आवाज हवा, समोरच्याची फजिती हवी. करीमच्या फटक्यात कुणाची फजिती होत नाही. चेंडू जाळीत पडतो, करीम वळतो आणि परत धावू लागतो. चेहऱ्यावर काही नाही. एक स्कायहुक पाहिला की सगळे पाहिले असं वाटतं.

मी एका बसणीत ३०-४० सलग पाहिले, आणि १०च्या पुढे डोळे वेगळं बघायला लागले. कधी पाऊल लांब पडतं, कधी आखूड. कधी तो चेंडू आधी खांद्याजवळ थांबवतो. कधी डावीकडे जाण्याचं सोंग करतो. समोर दोघं आले तर फटका किंचित उशिरा सुटतो. भजनात धृपद परत परत येतं तेव्हा तिसऱ्या-चौथ्या वेळी आपण शब्द ऐकायचं सोडतो आणि टाळ ऐकायला लागतो, तसं काहीसं. करीम जॅझच्या घरात वाढला. वडील पोलिसात होते आणि वाद्य शिकलेले संगीतकारही होते. एकाच सुरावटीत रोज थोडा फरक करणं म्हणजे काय, हे त्याला घरातच कळलं असणार.

एकूण गुणांचा तक्ता हा एकच असा कागद आहे जो या पुनरावृत्तीला न्याय देतो. हायलाइट्स देऊ शकत नाहीत. १५,८३६ ही संख्या तुम्हाला पाहता येत नाही, ती नुसती साठलेली असते.

६५ आणि ६२

गुणांचा रकाना सोडा आणि शेजारचा सामन्यांचा रकाना वाचा : ८२, ८२, ८१, ७६, ८१, ६५, ८२, ८२, ६२, ८०... पुढे शेवटपर्यंत एकदाही ७४च्या खाली नाही. या रांगेत दोनच खड्डे आहेत.

६५ : १९७४च्या शरद ऋतूत, हंगाम सुरू होण्याआधीच्या एका सराव सामन्यात कुणाचं तरी बोट डोळ्यात गेलं. वेदनेने आणि संतापाने करीमने बास्केटच्या खांबावर ठोसा मारला. हात मोडला. त्यानंतर तो गॉगल्स घालून खेळायला लागला. आपण फोटोंत पाहतो तो चष्मेवाला करीम तेव्हापासूनचा. ६२ : १९७७च्या ऑक्टोबरमध्ये, हंगामाच्या पहिल्याच सामन्यात मिलवॉकीच्या केंट बेन्सनने त्याच्या पोटात कोपर मारलं. करीमने वळून ठोसा लगावला. हात पुन्हा मोडला आणि वर ५,००० डॉलर दंड झाला.

चेहऱ्यावर काही न दाखवणाऱ्या माणसाचा राग तक्त्यात कुठे दिसत असेल तर या दोन आकड्यांत. त्याच्या अंगावर रोज धक्के, कोपरं, नखं यायची. एवढ्या उंच माणसाला लागत नाही अशी पंचांची आणि प्रेक्षकांची समजूत होती. २० वर्षांत ते दोनदा बाहेर आलं आणि दोन्ही वेळा इजा त्यालाच झाली.

काही गोष्टी तक्त्यात उमटतही नाहीत. १९८२-८३ची ओळ म्हणते : ७९ सामने, सरासरी २१.८. त्याच हंगामात, १९८३च्या जानेवारीअखेर, त्याचं घर जळालं. हजारोंच्या संख्येने जमवलेल्या जॅझच्या रेकॉर्ड्स त्यात गेल्या. मग लोक त्याला रेकॉर्ड्स आणून द्यायला लागले. गावोगावच्या अनोळखी चाहत्यांनी आपापल्या घरातल्या तबकड्या दिल्या. लोकांशी फटकून वागणारा म्हणून तो ओळखला जायचा. त्याला लोक आवडायला लागले ते साधारण याच काळात, असं त्याच्याबद्दल लिहिणारे सांगतात. सरासरीत मात्र फारसा फरक नाही. आदल्या वर्षी २३.९, पुढच्या वर्षी २१.५.

जे गुण धरले नाहीत

५ एप्रिल १९८४ला लास वेगासमध्ये युटा जॅझविरुद्ध करीमने चेंबरलेनचा ३१,४१९ गुणांचा विक्रम मागे टाकला. पास मॅजिक जॉन्सनचा, फटका अर्थातच स्कायहुक. वय ३६, काही दिवसांत ३७. कुणीही तिथे थांबलं असतं. तो आणखी पाच हंगाम खेळला.

शेवटच्या तीन ओळींच्या सरासऱ्या : १७.५, १४.६, १०.१. उतरता जिना. शेवटच्या हंगामात त्याच्यावर खूप टीका झाली. पाय उचलत नाहीत, मुकाट्याने घरी का जात नाही, असा सूर होता. हिशेबाने पाहिलं तर या तीन वर्षांनी त्याला सुमारे ३,३०० गुण दिले आणि सरासरी २६.४वरून २४.६वर आणली. सरासरी जपायची असती तर १९८६ला निवृत्त होणं शहाणपणाचं होतं.

पण याच तीन वर्षांत लेकर्स दोनदा विजेते झाले आणि तिसऱ्यांदा अंतिम फेरीत पोहोचले. १९८८च्या अंतिम फेरीचा सहावा सामना बघा. डेट्रॉइट मालिकेत ३-२ने पुढे, हा सामना हरला तर लेकर्स संपले. १४ सेकंद उरलेले असताना एका गुणाने मागे. फ्री थ्रोच्या रेषेवर ४१ वर्षांचा करीम. त्याने दोन्ही आत टाकले. लेकर्स १०३-१०२ने जिंकले आणि पुढचा सामनाही जिंकून विजेते झाले.

आता गंमत बघा. हे दोन गुण ३८,३८७मध्ये नाहीत. एनबीएचा एकूण गुणांचा विक्रम फक्त नियमित हंगामाचा असतो. प्लेऑफ, म्हणजे विजेता ठरवणारे सामने, वेगळ्या वहीत. त्या वहीत करीमचे २३७ सामने आणि ५,७६२ गुण आहेत. १९७४च्या अंतिम फेरीत, बॉस्टनमध्ये, दुसऱ्या जादा वेळेच्या शेवटच्या क्षणांत कोपऱ्यातून मारलेला त्याचा सर्वांत प्रसिद्ध स्कायहुकही त्याच दुसऱ्या वहीत आहे. ज्या बेरजेवर आपण ‘सर्वाधिक’ असा शिक्का मारतो, तिच्यात सर्वांत जड गुण धरलेलेच नाहीत.

चेंबरलेन आणि लेब्रॉन

चेंबरलेनचा तक्ता अगदी निराळा लेख आहे. १९६१-६२च्या एका ओळीत ८० सामने, ४,०२९ गुण, सरासरी ५०.४. त्याच हंगामात २ मार्च १९६२ला पेनसिल्व्हेनियातल्या हर्शी गावात, ४,१२४ प्रेक्षकांसमोर, त्याने न्यूयॉर्कविरुद्ध १०० गुण केले. ३६ बास्केट आणि ३२पैकी २८ फ्री थ्रो. एरवी तो जेमतेम अर्धे फ्री थ्रो आत टाकायचा. या सामन्याची चित्रफीत नाही. डोळ्यांनी काही पाहता येत नाही म्हणून आकडाच दंतकथा झाला.

पण त्याच वर्षी सर्वोत्तम खेळाडूचा मान मिळाला बॉस्टनच्या बिल रसेलला. चेंबरलेनचा संघ रसेलच्या संघाकडून सातव्या सामन्यात दोन गुणांनी हरला. चेंबरलेनच्या तक्त्यातला एखादा आकडा वाचला की माणूस थक्क होतो, मग पुढे वाचायची गरज वाटत नाही. ही त्याची ताकद आहे आणि मर्यादाही. करीमच्या तक्त्यात थक्क करणारी ओळ नाही. तो सगळा वाचावा लागतो.

लेब्रॉन करीमच्या पुढे गेला तो आपल्या १,४१०व्या सामन्यात, म्हणजे करीमपेक्षा १५० सामने कमी खेळून. त्यात दोन हजारांहून अधिक थ्री-पॉइंटर होते. शिवाय करीमला चार वर्षं कॉलेजात काढावी लागली आणि पहिल्या वर्षी तर तेव्हाच्या नियमानुसार मुख्य संघात खेळताही आलं नाही. लेब्रॉन २००३मध्ये शाळेतून थेट एनबीएत आला. दोघांचं माप एका फुटपट्टीने काढता येत नाही, पण ही पळवाट म्हणून वापरण्याची गोष्ट नाही. मला यात दुसरंच काही मोलाचं वाटतं. विक्रम मोडण्याच्या आदल्या आठवड्यात लेब्रॉन असिस्टच्या, म्हणजे दुसऱ्याला गुण करून देणाऱ्या पासच्या यादीत चौथ्या क्रमांकावर पोहोचला होता. गुणांचा राजा मूळचा पास देणारा आहे. आणि करीमचे गुण? त्यांच्यामागे आधी रॉबर्टसनचे, मग मॅजिकचे हात आहेत. बास्केटकडे पाठ करून उभ्या असलेल्या माणसाला कुणीतरी चेंडू नेमका हातात आणून द्यावा लागतो. गुण कुणी केला त्याचा रकाना आहे. कुणाकडून चेंडू मिळाला, त्याचा करीमच्या ओळीत नाही.

ओळ कुणाला मिळते

तक्त्याचा एक मोठेपणा मान्य करायला हवा. तो सगळ्यांना सारखी जागा देतो. २०१५मध्ये सिम भुल्लर सॅक्रामेंटोकडून तीन सामने खेळला. सात फूट पाच इंच, पंजाबी आईवडिलांचा कॅनडातला मुलगा, एनबीएत खेळलेला भारतीय वंशाचा पहिला खेळाडू. त्याच्या कारकिर्दीतले एकूण गुण : २. करीमच्या २० ओळी आणि भुल्लरची एक, पण रकाने तेच, अक्षरं तेवढीच. त्याच वर्षी पंजाबच्या सतनाम सिंगला डॅलसने ५२व्या क्रमांकावर निवडलं. भारतात जन्मलेला, एनबीएने निवडलेला तो पहिला. त्याला मुख्य संघातून एकही सामना मिळाला नाही, त्यामुळे त्याची ओळच नाही. शून्य आणि ओळ नसणं यांत फरक आहे. शून्य लिहायलाही आधी मैदानात उतरावं लागतं.

आणि काहींना मैदानच नव्हतं. लुसिया हॅरिस मिसिसिपीच्या डेल्टा स्टेट कॉलेजकडून खेळली, १९७५ ते १९७७ सलग तीन वर्षं राष्ट्रीय विजेती. कॉलेजात तिचे २,९८१ गुण. महिला बास्केटबॉल पहिल्यांदा ऑलिंपिकमध्ये आला तो १९७६ला मॉन्ट्रियलमध्ये, आणि त्यातला पहिला बास्केट तिचा. १९७७मध्ये न्यू ऑर्लिन्स जॅझने तिला एनबीएच्या निवडीत सातव्या फेरीत निवडलं. पुरुषांच्या त्या संघाची चाचणी द्यायला ती गेली नाही. ती तेव्हा गरोदर होती. बायकांसाठी डब्ल्यूएनबीए सुरू झालं १९९७मध्ये, २० वर्षांनी. मधल्या काळात एका अल्पजीवी लीगमध्ये ती थोडी खेळली, मग शिकवायला लागली. तिच्यावरचा ‘द क्वीन ऑफ बास्केटबॉल’ हा लघु माहितीपट २०२२च्या मार्चमध्ये ऑस्कर जिंकला. ती त्याच वर्षी जानेवारीत गेली होती.

कॉलेज संपलं तेव्हा लुसिया २२ वर्षांची होती. अल्सिंडर मिलवॉकीत आला तेव्हा तोही २२ वर्षांचा होता. तिथून पुढे त्याला २० ओळी लिहायला मिळाल्या. नाव बदलायला, हात मोडून घ्यायला, एकच फटका १५ हजार वेळा घोटायला आणि शेवटी १०.१च्या सरासरीने सर्वांसमोर म्हातारं व्हायला वेळ मिळाला. त्या प्रत्येक ओळीचं त्याने सोनं केलं, यात वाद नाही. पुढच्या वेळी फीडवर कुणाची एकूण बेरीज चमकली की मी ती बघेनच, मलाही आकडे आवडतात. मग मी बोटाने वर सरकवून पहिल्या ओळीपासून सुरुवात करेन. सामन्यांचा रकाना आधी बघेन.